लेखकाने बोलायचं नाही

गुरुवारच्या बैठकीचा नियम ऑर्विल टेनब्रुक यांनी स्वतःच घालून दिला होता. ज्याचं लेखन चर्चेला असेल त्याने टेबलाच्या टोकाला बसायचं आणि तोंड उघडायचं नाही. बाकीच्यांनी फाडायचं, त्याने ऐकायचं, आणि शेवटी ‘आभारी आहे’ एवढंच म्हणून उठायचं. "पुस्तक छापलं की लेखक वाचकाच्या शेजारी बसून खुलासे करत नसतो," असं ते विद्यार्थ्यांना सांगत. विद्यापीठाच्या त्या खोलीत कित्येक जण रडले होते. दोघं-तिघं तर इतिहासाला रामराम ठोकून विमा विकायला गेले. टेनब्रुकना त्याचं कधी वाईट वाटलं नाही. कच्ची मडकी लवकर फुटलेलीच बरी, असं त्यांचं मत होतं.

दोन महायुद्धांमधल्या वर्षांतलं अमेरिकेचं परराष्ट्र धोरण हा त्यांचा प्रांत. त्यावर त्यांचे तीन जाडजूड खंड होते आणि तिन्हींचं सूत्र एकच: युरोपात काय शिजतंय ते अमेरिकेला माहीत होतं, आणि तरी ती गप्प बसली. चौथा खंड निवृत्तीनंतर कसाबसा पुरा झाला होता. आता भिंगाशिवाय अक्षर दिसत नव्हतं, म्हणजे पाचवा होणार नव्हता. पण चौथा छापायचा की नाही हे प्रकाशकाच्या ग्रंथमालेचा संपादक ठरवणार होता, आणि तो होता ड्वाइट कॅस्वेल. त्यांचाच जुना विद्यार्थी, आता त्यांच्याच जागेवर आलेला.

"सर, शेवटचं प्रकरण गुरुवारी आणा ना," कॅस्वेल फोनवर म्हणाला. "पोरांनाही कळू दे, खरा इतिहासकार कसा असतो ते. मग प्रकाशकाचं बघू."

टेनब्रुक हुरळले. बायको मात्र हुरळली नाही.

"जाऊ नकोस, ऑर्विल," लोईस म्हणाली. "त्या पोराला तू कसं सोलून काढलं होतंस, विसरलास?"

"त्याने त्याचं भलंच झालं ना? माणसात आला!"

"मग एवढ्या वर्षांत आपल्याकडे कधी साधी कॉफी प्यायला का नाही आला?"

टेनब्रुक टाय बांधून निघाले.

पहिला अर्धा तास बरा गेला. मग ग्रेचन लुंड नावाच्या मुलीने तोंड उघडलं. प्रबंध संपत आलेली, हुशार, आणि बोलताना कान लाल होणारी मुलगी.

"प्रोफेसर टेनब्रुक यांचं सगळं प्रकरण बुखारेस्टमधल्या अमेरिकन राजदूताच्या पत्रांवर उभं आहे," ती म्हणाली. "ती मूळ पत्रं मी वॉशिंग्टनला जाऊन पाहिली. प्रत्येकाला एक चिठ्ठी टाचलेली असते. परराष्ट्र खात्यात ज्याने पत्र वाचलं त्याने त्या चिठ्ठीवर सही करायची. या चिठ्ठ्या सगळ्या कोऱ्या आहेत. राजदूत लिहीत होता आणि खातं फायली लावत होतं. मग अमेरिकेला माहीत होतं हे कशावरून?"

खोलीत कुजबुज झाली. टेनब्रुकना हसूच आलं. कारण त्या काळी खात्यात मूळ पत्र फिरवत नसत. टेबलांवरून फिरायची ती पातळ कागदावरची नक्कल, आणि सह्या व्हायच्या त्या नकलेवर. नकला वेगळ्याच खोक्यांत पडलेल्या होत्या आणि त्या सह्या त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिल्या होत्या. एका वाक्यात निकाल लागला असता.

"हे बघ पोरी, त्या सह्या..."

"सर," कॅस्वेल हळूच म्हणाला. "लेखकाने बोलायचं नाही."

कुणीतरी खुसखुसलं. टेनब्रुक गप्प झाले आणि मग लांडग्यांना रक्ताचा वास लागला.

"म्हणजे आधीचे तीन खंडही गेलेच की!"

"गेले कसे? आमच्या घरी दार वाऱ्याने आपटू नये म्हणून लावतात ते. चांगले वजनदार आहेत."

सगळे हसले, ग्रेचन सोडून. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो टेनब्रुकनी आयुष्यात पहिल्यांदा खाल्ला. शेवटी ते टेबलाला धरून उठले आणि म्हणाले, "आभारी आहे."

बाहेर कोट अडकवायच्या खुंट्यांपाशी त्यांनी कॅस्वेलला गाठलं.

"सह्या नकलांवर असतात हे तुला माहीत आहे."

"आहे की. तुम्हीच शिकवलंत."

"मग त्या पोरीला बोलला का नाहीस?"

कॅस्वेल सावकाश हातमोजे चढवत होता. "माझ्या प्रबंधातल्या प्रकरणात तुम्ही एका तारखेवरून मला दोन तास झोडपलंत, सर. तारीख बरोबर होती आणि तुम्हाला ते ठाऊक होतं. नंतर मी विचारलं तर म्हणालात, बरोबर असूनही गप्प बसता येतं का ते पाहत होतो."

टेनब्रुकना ते आठवत नव्हतं, पण आपण असं म्हणालो असू याबद्दल त्यांना शंका नव्हती. गुरूची विद्या गुरूला!

"ड्वाइट, माझे डोळे चाललेत रे. खंडाचं काय ते सांग."

"प्रकाशकाला नकार सोमवारीच कळवलाय."

"सोमवारी? मग आज मला कशाला बोलावलंस?"

"तुम्हाला ऐकताना पाहायचं होतं," कॅस्वेल म्हणाला आणि टोपी घालून निघून गेला.

टेनब्रुक दारापाशी आले. बाहेर पायऱ्यांवर बर्फ गोठलं होतं आणि त्यांना पहिली पायरी कुठे संपते तेच दिसेना. मागून ग्रेचन धावत आली.

"सर, रागावला नाहीत ना? ते हसले ते मला मुळीच आवडलं नाही. मी तुमचे खंड वाचूनच या विषयात आले. अगदी तळटीपांसकट वाचलेत."

ती खरं बोलत होती. त्या खोलीतल्या पोरांत त्यांचे खंड वाचलेली बहुधा ती एकटीच होती. टेनब्रुकना ती आवडली आणि त्याच क्षणी तिचा संतापही आला.

"चिठ्ठ्यांवरचा लेख मासिकाला पाठवतेय," ती म्हणाली. "माझी नोकरी त्याच्यावरच आहे. कॅस्वेल सर म्हणाले, उत्तम आहे. पण तुमच्याइतकं कुणाला माहीत असणार? कुठे चुकलं असेल तर आत्ताच सांगा ना, प्लीज."

लेख छापून आला की नकलांची ती खोकी पाहिलेली वॉशिंग्टनची जुनी मंडळी या पोरीच्या चिंधड्या करणार होती, आणि त्यानंतर तिला कुठलंही विद्यापीठ दारात उभं करणार नव्हतं. हे टेनब्रुकना त्या पायऱ्यांपेक्षा कितीतरी स्पष्ट दिसत होतं.

"काही चुकलेलं नाही, बाळ," ते म्हणाले. "जसंच्या तसं छाप. आणि चिठ्ठ्यांचा मुद्दा पहिल्याच वाक्यात घाल."

ग्रेचनच्या डोळ्यांत पाणी आलं. तिने त्यांचा दंड घट्ट धरला आणि एकेक पायरी सांगत त्यांना जपून खाली उतरवलं.