मूकपटासाठी टेपरेकॉर्डर

प्रोफेसर हॅलोरनने क्लबच्या टेबलावर टेपरेकॉर्डर ठेवला आणि लुएला प्रुइटचं डोकं फिरलं.

लुएला एकाहत्तर वर्षांची, जन्मापासून बहिरी. अ‍ॅक्रनच्या रबराच्या कारखान्यात सव्वीस वर्षं टायरवर थर चढवून निवृत्त झालेली. शहरातल्या बहिऱ्यांच्या क्लबात तिच्याएवढं जुनं कुणी नव्हतं, आणि 'दोन काठांची नवरी' हा मूकपट पहिल्या दृश्यापासून शेवटच्या दृश्यापर्यंत पाठ असलेलंही दुसरं कुणी नव्हतं. क्लबातच काय, अख्ख्या अमेरिकेत नव्हतं. सिनेमाची एकही प्रत कुठे उरली नव्हती.

एकोणीसशे चोवीस साली ओरियन थिएटरात तो लागला तेव्हा कारखान्यातून सुटल्यावर लुएलाने तो अकरा वेळा पाहिला. मुळात ती न्यूयॉर्कच्या रंगमंचावर गाजलेली संगीतिका. नदीच्या दोन काठांवरच्या दोघांना एकाच दिवशी लग्नाचा होकार देऊन बसलेली पोरगी, आणि मधे हेलकावे खाणारी फेरीबोट. कानवाले लोक थिएटरातून नाकं मुरडत बाहेर पडत. गाणीच काढली तर राहिलं काय, म्हणत. लुएलाच्या मते सिनेमा राहिला होता, आणि तो भरपूर होता. पाच वर्षांनी बोलपट आले. पडद्यावरच्या संवादाच्या पाट्या गेल्या, नट कॅमेऱ्याकडे पाठ करून बडबडायला लागले, आणि मूकपटांची रिळं त्यांवरची चांदी काढायला भट्टीत गेली. ओरियनने बहिऱ्यांना दार बंद केलं नाही, पण आत त्यांच्यासाठी काही ठेवलंही नाही.

मग लुएला क्लबात शनिवारी संध्याकाळी तो सिनेमा हातांनी सांगू लागली. सगळी पात्रं तीच व्हायची. नवरी ती, दोन्ही नवरे ती, नवरीची धिप्पाड मावशीही तीच, आणि बोटसुद्धा तीच. अशी बेचाळीस वर्षं झाली.

"हे यंत्र काय करतं?" तिने मुलीला खुणेने विचारलं.

"आवाज टिपतं," डोरीनने सांगितलं. डोरीन ऐकणारी, चाळिशीची, दुभाषी म्हणून आलेली. "तू हातांनी सांग, मी बोलते. मग प्रोफेसर ते चार पानांत टाइप करून विद्यापीठात ठेवणार."

"सिनेमा मुका, सांगणारी बहिरी, आणि हा बाबा आवाजाची पेटी घेऊन आलाय. याला प्रोफेसर केला कुणी?"

डोरीन हॅलोरनकडे वळून म्हणाली, "आईला जरा आश्चर्य वाटतंय."

लुएलाची नजर तिच्या ओठांवरच होती. "आश्चर्य म्हटलं नाही मी," तिने हात झटकले. "नीट सांग. आणि सांग की कॅमेरा आण."

डोरीनचे कान लाल झाले. तिने बरंच गुळगुळीत करून सांगितलं. हॅलोरन माणूस वाईट नव्हता. मूळ संगीतिकेची संहिता, तीन फोटो आणि जुन्या वर्तमानपत्रांची कात्रणं घेऊन तो या हरवलेल्या सिनेमासाठी दोन वर्षं गावोगाव हिंडत होता. पण कॅमेऱ्याला पैसे नाहीत, असं तो म्हणाला, आणि वर हेही म्हणाला की हातवारे बघून पुढे कुणाला काय कळणार. डोरीनने हे शेवटचं वाक्य गिळलं. तिला ते गिळायची गरज नव्हती, लुएलाने ते त्याच्या ओठांवरून केव्हाच उचललं होतं.

शाळेत असताना खुणा केल्या म्हणून तिच्या बोटांवर पट्ट्या बसल्या होत्या. तेव्हा तिला हुंदका आला होता, आता नुसता राग आला.

"बोटीवरच्या चुंबनाच्या वेळी पाटीवर काय होतं, विचार त्याला."

हॅलोरनला ते कात्रणांतून माहीत होतं. "आता मरण आलं तरी चालेल," तो म्हणाला.

"बरोबर. आणि हिरोच्या ओठांवर होतं, 'तुझ्या टोपीचं पीस माझ्या नाकात जातंय.' कानवाले डोळे पुसत होते आणि आम्ही मागच्या दोन रांगा पोट धरून हसत होतो."

हे मात्र डोरीनने जसंच्या तसं सांगितलं. हॅलोरन खुर्चीत ताठ बसला. घाईघाईने कागद उलटत म्हणाला, "हे कुठेच लिहिलेलं नाही."

"नाहीच. चार पानांत तू माझं काय काय लिहिणार आहेस? मावशीला नुसती चालवायला मला पाच मिनिटं लागतात. कॅमेरा आण."

तो पेटी उचलून गेला.

गाडीत डोरीनने इंजिन चालूच केलं नाही. स्टिअरिंगवरचे हात काढून ती खुणांनी भांडायला लागली. एवढं ताणायचं कशाला, विद्यापीठाचा माणूस आपण होऊन आला होता, असं बरंच काही.

"स्वतःची बोटं बघ, आई. सकाळी तुला कप धरवत नाही. डॉक्टर काय म्हणाले आठवतंय ना? तो परत आलाच नाही तर?"

"तर नाही आला. माझा सिनेमा तुझ्या आवाजात जाणार नाही."

"माझ्या आवाजात वाईट काय आहे?"

"काही नसेल. मी तो कधी ऐकलेला नाही."

डोरीनने किल्ली फिरवली. 

पुढचे नऊ आठवडे लुएलाने वाईट काढले. रोज सकाळी ती बोटं गरम पाण्यात धरून बसे आणि एकेक पात्र घोळवून बघे. उजवी तर्जनी सरळ होईनाशी झाली. नवरीची छत्री त्याच बोटाने उघडायची होती. दोनदा तिने पत्र लिहायला घेतलं, की ये बाबा, आण तुझी पेटी. दोन्ही वेळा तिला स्वतःचीच चीड आली आणि कागद चुलीत गेला. मग तिने छत्री डाव्या हाताने उघडायला सुरुवात केली.

दहाव्या आठवड्यात हॅलोरन आला. विद्यापीठात फुटबॉलचे सामने चित्रित करणाऱ्यांकडून त्याने कॅमेरा मागून आणला होता, आणि तो चालवणारा एक वैतागलेला माणूसही. रविवारची दुपार होती. क्लबात चाळीसजण जमले, आंबवलेल्या कोबीचे तळलेले गोळे आणि अ‍ॅपल-पाय घेऊन. दिवे दोनदा उघडझाप झाले, तशी सगळ्यांचे हात थांबले.

हॅलोरनला तरीही डोरीन स्टेजच्या कडेला उभी हवी होती, बोलायला. लुएला खाली उतरली, मुलीचा दंड धरून तिला पहिल्या रांगेत बसवून म्हणाली, "आज नुसती बघ."

दर दहा मिनिटांनी रीळ बदलावं लागे. त्या वेळात लुएला हात तसेच हवेत धरून उभी राही, म्हणजे जिथे तुटलं तिथूनच जोडता येईल. बोटांतून कळा निघत होत्या. एकदा छत्री अर्धीच उघडली. तिने नवरीला छत्रीवरच चिडायला लावलं आणि दुसऱ्या झटक्यात ती उघडली. मावशी बोटीत चढली तेव्हा बोट कलंडली, तिच्याबरोबर पहिली रांग कलंडली, आणि चाळीस माणसांनी जमिनीवर पाय आपटून हसायला सुरुवात केली. कॅमेऱ्याची तिपाई हादरली.

शेजारी बसलेला हॅलोरन डोरीनकडे झुकला. "काय झालं?"

चार वर्षांची असल्यापासून डोरीन या प्रश्नाचं उत्तर देत आली होती. बँकेत, दवाखान्यात, वडिलांच्या दफनाच्या वेळी पाद्र्यासमोर, स्वतः रडता रडता. तिचं तोंड सवयीने उघडलं. हसून हसून गाल ओले झाले होते. मग तिने तोंड मिटलं आणि स्टेजवरची नजर न काढता, परक्या माणसाच्या तोंडापुढे, हाताने सांगितलं, "थांब. बघ."

लुएलाने ते वरून पाहिलं. क्षणभर तिचा ताल चुकला.

हॅलोरनला खुणा येत नव्हत्या, पण ही कळली. तो मागे टेकला आणि लुएलाच्या हातांकडे बघायला लागला.