रोसा चेडत्तीची विहीर

लोनप्पनला पेट्रोल पंपासाठी जिल्हाधिकाऱ्यांचं ना-हरकत पत्र मिळालं, आणि औसेप्पला जेवण जाईना. मूवाट्टुपुळा रस्त्यावर बापाच्या काळापासून पंप त्याचा एकट्याचा. आता दोनशे पावलांवर दुसरा! गिऱ्हाईक काय औसेप्पचं तोंड बघायला येत होतं थोडंच?

"कोर्टात खेचतो त्याला," तो कोचीच्या बालगोपालन वकिलाला म्हणाला.

"तुम्ही नाही खेचू शकत. धंद्यातल्या माणसाच्या पोटदुखीवर हायकोर्ट औषध देत नाही. शेजारी कोणी आहे? विहीरवाला?"

शेजारी होती. रोसा चेडत्ती, म्हणजे सगळ्यांची रोसाताई, एकटी विधवा, घर दोन्ही जागांच्या मध्ये. या भागात पंपाविरुद्धचे अर्ज असेच होतात. सही शेजाऱ्याची आणि फी धंदेवाल्याची, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं.

औसेप्प उकडलेल्या साबुकंदाचा वाफाळता कप्पा आणि माशांचं लाल कालवण घेऊन तिच्या ओसरीवर बसला, आणि असा रंगला की विचारू नका. पेट्रोल जमिनीत कसं झिरपतं, विहिरीला कसा वास येतो, चूल पेटवताना बाई कशी भाजते. बोलता बोलता त्याच्या स्वतःच्याच डोळ्यांत पाणी आलं.

"देवा रे! इतकं?" चेडत्तीने छातीवर क्रूसाची खूण केली.

"याहून जास्त. तुम्ही फक्त सही करा, चेडत्ती. बाकी मी आहे ना!"

बिचारा फार छान बोलला होता. चेडत्तीला रात्रभर झोप नाही. सकाळी ती बस पकडून स्वतःच कोचीला वकिलाकडे गेली.

दुपारी वकिलाचा फोन आला. "औसेप्प अच्चायन, तुमच्या त्या चेडत्तींनी अर्जात तुमचाही पंप घातलाय. म्हणतात, तो विहिरीला जास्त जवळ."

"काढा तो! फी मी देतोय!"

"फी तुमची, पण अशील त्या. आणि मी अर्ज दाखल करून बसलोय."

ओरडायचीही सोय नव्हती. ओरडला असता तर अर्जामागे आपणच आहोत हे स्वतःच्या तोंडाने कबूल केल्यासारखं झालं असतं. स्वतःवरचा खटला स्वतःच्याच पैशाने चालवत औसेप्पने दुसरा वकील केला आणि प्रतिज्ञापत्र ठोकलं: पंपाने विहिरीला काडीचाही अपाय होत नाही, माझ्या बापाच्या काळापासून ते पाणी गोड आहे. लोनप्पनच्या वकिलाने त्याची प्रत मागून घेतली आणि आपल्या उत्तराला जोडली. दुसरं काही लिहायचे कष्टच घेतले नाहीत.

कोर्टाने पाहणीसाठी एक तरुण वकीलबाई आयुक्त म्हणून पाठवली. तिने पाण्याच्या बाटल्या भरल्या, फीत लावून अंतरं मोजली. विहिरीभोवती निम्मं गाव जमलं. लोनप्पन कुंपणाला रेलून केळ्याचे वेफर्स खात होता.

चेडत्तीने बादली ओढली, स्टीलचा पेला भरला आणि औसेप्पपुढे धरला. "तुम्हीच लिहिलंय ना, गोड आहे म्हणून? प्या बघू."

औसेप्पने पेल्याकडे बघितलं. नाही प्यावं, तर बापाचा पंप जातो. प्यावं, तर लोनप्पनचा उभा राहतो. त्याने पेला ओठांपर्यंत नेला आणि तिथेच धरला.

"घशाखाली उतरत नसेल तर वेफर्स देऊ का, अच्चायन?" लोनप्पन म्हणाला.

औसेप्पने डोळे मिटले आणि पेला रिकामा केला. पाणी खरंच गोड होतं, आणि त्याचाच त्याला जास्त संताप आला.

"कसं आहे?" आयुक्तबाईने विचारलं.

"चांगलं आहे."

"वास?"

"नाही."

चेडत्ती कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "मग माझ्या ओसरीवर बसून रडत होतात, ते काय होतं? मी दोन महिने बाहेरून पाणी आणतेय, गुडघे गेले माझे!"

सगळं गाव औसेप्पकडे बघू लागलं. आयुक्तबाईने लेखणी उचलली. "यांच्या ओसरीवर तुम्ही काय सांगितलं होतं?"

"खोटं सांगितलं होतं," औसेप्प म्हणाला, आणि बाईने ते शब्द जसेच्या तसे लिहून घेतले.