तिसरं मागणं

खेचरं लादताना साबिना माणसांशी बोलत नसे. शिव्या द्यायच्या त्या फक्त खेचरांना, आणि त्याही आपल्या क्वेचुआ बोलीत; स्पॅनिश शिव्या त्यांच्या अंगाला लागत नाहीत, असं तिचं पक्कं मत होतं. त्या सकाळी मात्र दोर आवळता आवळता तिचे हात थांबले, तोंडही थांबलं. काचोरा गावाच्या वरच्या अंगाला पाहुण्यांची गाडी लागली. आतून चार-पाच परदेशी उतरले, मग स्वयंपाकी तिबुर्सिओ भांड्यांच्या पोत्यासकट उतरला, आणि सगळ्यांच्या शेवटी गाइडची टोपी डोक्यावर घालून उतरली ती तिची पोटची पोर, नियेवेस.

म्हणजे रुफिनोचा पाय सुजलेला नव्हता तर; बहिणीशी गाठ घालून द्यायचा तो डाव होता. "आई, खेचराने लाथ मारली, या खेपेला तू जा," असं म्हणून लेक उबदार पांघरुणात पडून राहिला होता, आणि साबिना वेड्यासारखी त्याच्या पायाला पाला बांधून आली होती.

मायलेकींचं बोलणं बंद होऊन नऊ वर्षं झाली होती. नियेवेस गाइडचं शिकायला कुस्कोला गेली आणि तिकडेच ओरोपेसाच्या एका पाव भाजणाऱ्या घरात लग्न करून मोकळी झाली. साबिनाचा राग लग्नावर नव्हता. मागणं घालायला कुणी आलं नाही, यावर होता. थोरामोठ्यांकडे काही मागायचं तर कोकाची पानं आणि बाटली घेऊन दारात जावं लागतं. पहिल्या खेपेला ते नाही म्हणतात. दुसऱ्या खेपेलाही पानं ठेवून घेतात, तोंडात टाकत नाहीत. तिसऱ्या खेपेला पान चावलं की काम झालं. पहिल्या हाकेला हो म्हणणाऱ्या बाईला साबिना बाई म्हणत नसे. आणि जो तीनदा उंबऱ्याशी येत नाही, त्याला माणूस.

जावई आला होता एकदा, गेल्या पेरणीच्या दिवसांत. गाडीच्या चाकाएवढा गोड पाव आणि काखेत बाटली. साबिनाने आतून कडी घातली आणि स्वतःच्याच आवाजात ओरडून सांगितलं, "घरात कुणी नाही." विल्बर बिचारा उन्हात उभा राहिला, मग पाव कुंपणाच्या भिंतीवर ठेवून परत गेला. पाव चांगला होता. ते तिने कुणाला सांगितलं नाही.

खिंडीत पोचेपर्यंत दोघी एकमेकींशी बोलल्या नाहीत. तिथे वारा माणसाला ढकलतो, आणि खाली आपुरिमाक नदी दोऱ्याएवढी दिसते. जो तो दगडांच्या राशीवर आपला दगड ठेवून पुढे झाला. नियेवेस मागे राहिली. दोन्ही हातांत तीन पानं धरून ती आईसमोर आली. पानं निवडून घेतलेली, अख्खी, कडेला एक चीर नाही. त्यांच्या देठांना लाल फीत बांधलेली.

"ममाय."

"गाइडबाई, आधी तुमच्या साहेबांची झोळी बघा. खेचराच्या पोटाखाली लोंबतेय."

"वायताचं जावळ काढायचंय. चार वर्षांची झाली. केस कमरेला लागलेत, पण अजून कात्री लावू दिली नाही कुणाला. पहिली बट मानाची, ती तू काप."

ही नात साबिनाने फोटोतसुद्धा पाहिली नव्हती. चार वर्षं केस राखायचे, रोज विंचरायचे, उवा काढायच्या, सासूची कटकट ऐकायची; हे सगळं पोरीने कुणासाठी केलं, ते कळायला शाळा लागत नव्हती.

"मी कशी येणार? खेचरांना कोण बघणार?" ती म्हणाली. "तुझा पाववाला?"

पानं घेतली आणि हॅटच्या पट्ट्यात खोचली. नियेवेसने मान हलवली आणि ती उताराला लागली. तिची चाल अगदी बापाची होती, टाच आधी टेकणारी. साबिना मागून बघत राहिली.

तिबुर्सिओ लगबगीने जवळ आला. रुफिनोला बाप्तिस्म्याच्या पाण्याखाली धरलेला हा त्याचा धर्मपिता, म्हणून साबिनाला तो कोमाद्रे, म्हणजे आपल्या धर्मपुत्राची आई, म्हणे आणि त्या नात्याच्या जोरावर नको तिथे नाक खुपसे.

"कोमाद्रे, काय म्हणत होती पोर?"

"जावळाचं."

"मग?"

"मग काय. नाही म्हटलं."

"बरोबर. आता अजून एकदा परत फिरवायची."

"मला मोजता येतं, तिबुर्सिओ. दोन इयत्ता शिकलेय मी. तू आपलं मीठ मोज, मागच्या खेपेला सूप नदीत ओतावं लागलं."

त्या संध्याकाळी चिकिस्काच्या तळावर पाहुणे तंबूसमोर पाय पसरून कण्हत बसले. एका दाढीवाल्याच्या टाचेला लिंबाएवढा फोड आला होता. नियेवेस त्याचा पाय मांडीवर घेऊन सुई ओवत होती, आणि त्यांच्या भाषेत असं काही बोलत होती की कण्हणारा मधेच हसू लागला. साबिनाने तिकडे पाठ केली आणि लोकर कापायची कात्री पोत्यातून काढून नदीकाठच्या गोट्यावर घासायला घेतली.

"आता इथे कुणाची लोकर कापायचीय?" तिबुर्सिओने विचारलं.

"तुझी जीभ."

दुसऱ्या दिवशी पूल ओलांडला. घंटेवाली घोडी आधी गेली, तिच्यामागे खेचरं कान पाडून गेली, आणि मग सांता रोसाची ती उभी चढण. सांता रोसाला उसाची शेतं आहेत, दारूची भट्टी आहे, आणि माणसाला बसावंसं वाटेल अशी एकच सावली आहे. नियेवेसने बाटली विकत घेतली. पहिली धार धरणीमातेला म्हणून जमिनीवर सांडली आणि पेला भरून आईपुढे धरला. दुसऱ्या हातात पुन्हा तीन पानं.

"ममाय, ऐक ना."

"लग्नाच्या वेळी ही बाटली कुठे होती? भट्टी बंद होती?"

"तेव्हा चुकलं," नियेवेस म्हणाली. "माझंच चुकलं, ममाय. मी भ्याले. तू नाही म्हणशील म्हणून आलेच नाही."

नऊ वर्षं साबिना हे ऐकायची वाट बघत होती. स्वयंपाक करताना, मका सोलताना, या वाक्याला काय उत्तर द्यायचं ते तिने कितीदा जुळवून ठेवलं होतं. आता वाक्य समोर आलं आणि जुळवलेलं एकही आठवेना. जिभेवर होता तो फक्त दुसऱ्या खेपेचा नकार. तोच तिने दिला.

"मला डोळ्याने कमी दिसतं. पोरीचा कान कापून ठेवीन."

"नक्की नाही?"

असं कुणी विचारत नाही. साबिनाला ते खटकलं, पण तिने ते शहराच्या खात्यावर टाकलं. शहरात राहून माणसं रीत विसरतात.

"एकदा सांगितलं ना."

नियेवेसने पेल्यातली दारू गवतावर ओतली आणि पेला उपडा ठेवला. "बरं. मी मागायचं ते मागितलं," ती म्हणाली आणि पाहुण्यांना उठवायला गेली. पानं आईच्या मांडीवर राहिली. साबिनाने तीही हॅटला खोचली. तिला बरं वाटत होतं. इतकं बरं तिला रुफिनोच्या लग्नातही वाटलं नव्हतं.

मारांपाताला मुक्कामाला पोचल्यावर तिने काय केलं, तर घोडीच्या अंगावरचं ओझं उतरवायच्या आधी स्वतःचं तोंड धुतलं. वेण्या सोडून पुन्हा घातल्या. पोत्याच्या तळाशी नेहमी घडी घालून ठेवलेला सणाचा घागरा नेसली आणि ओळखीच्या घराच्या ओट्यावर जाऊन बसली, कात्री शालीखाली मांडीवर. ही जागा तिने मुद्दाम निवडली होती. तंबूंकडून येणाऱ्याला ओटा चुकवता येत नाही.

नियेवेस आली आणि ओट्यावरूनच गेली. वर टेकाडाच्या टोकाला फोन लागतो, तिथे ती बराच वेळ उभी होती, एक हात कानावर आणि एक हात डोक्यावर. उतरली तेव्हा डोळे लाल होते. वाऱ्याने होतात.

"ममाय, उद्या लवकर निघू," एवढं बोलून ती पाहुण्यांच्या ताटांकडे वळली.

"कोमाद्रे, तिला बोलाव की," तिबुर्सिओ म्हणाला. तो ताटं पुसत होता, चेष्टा करत नव्हता.

"मी बोलावू? मागणाऱ्याने यायचं की देणाऱ्याने?"

"मी आपला स्वयंपाकी. मला काय कळतंय."

"उद्या मागेल. वर, जुन्या देवांच्या पायरीशी. पोर हुशार आहे, जागा बघून मागेल." आणि कात्री शालीखालीच घेऊन ती झोपली.

चोकेकिराव या डोंगरावरच्या जुन्या ओसाड नगरीच्या मोठ्या चौकात यानामा गावचे खेचरवाले आधीच येऊन बसले होते. इथून पुढचा पल्ला त्यांचा. पाहुणे डोंगर उतरून पलीकडे जाणार, साबिनाची खेचरं रिकामी मागे फिरणार. ओझी बदलेपर्यंत नियेवेस पाहुण्यांना खालच्या पायऱ्यांवर घेऊन गेली, भिंतीत पांढऱ्या दगडाची लामा जनावरं बसवलीत ती दाखवायला. साबिना वरून बघत होती. पोरीच्या हाताबरोबर पाच माना एकदम वळत होत्या. हे काम चांगलं आहे, हे तिला पहिल्यांदाच वाटलं, आणि खाली जाऊन तसं सांगावंसंही वाटलं. पण आज आधी बोलायची पाळी पोरीची होती.

नियेवेस वर आली. "येते, ममाय. जपून उतर. पुलावर घोडी आधी सोड."

"मला शिकव आता." साबिना जागची हलली नाही. "काही विसरली नाहीस ना?"

"नाही. काय?"

"तिसरं."

नियेवेस तिच्याकडे बघतच राहिली. हॅटला खोचलेल्या पानांकडे, सणाच्या घागऱ्याकडे, शालीतून बाहेर आलेल्या कात्रीच्या टोकाकडे.

"तिसरं झालं, ममाय," ती हळू म्हणाली. "सांता रोसाला झालं. पहिलं घेऊन विल्बर आला होता ना, गेल्या वर्षी."

"तो कुठे काय बोलला?"

"तू दार कुठे उघडलंस?"

साबिनाला भिंतीवरचा पाव आठवला. काखेतली बाटली आठवली. बाटली घेऊन आलेला माणूस न बोलताही मागतो, हे तिला ठाऊक होतं. तिच्याच आईने तिला ते शिकवलं होतं.

"काल फोन केला," नियेवेस म्हणाली. "सासूला पहिल्या बटेचा शब्द दिला. रविवारी जावळ आहे. चार वर्षं मागे लागल्या होत्या त्या. मीच थांबवलं होतं."

"शब्द दिलास?"

"दिला."

"मग झालं."

दिलेला शब्द मागे घे, असं म्हणणं तिच्या तोंडून निघणं शक्य नव्हतं. पोरीने तसं केलं असतं तर साबिनानेच तिचे वाभाडे काढले असते.

"ये ना तू. दुसरी बट तुझी."

"दुसरी बट शेजारणीपण कापतात."

हे बोलायचं नव्हतं. पण ते बाहेर पडलं होतं, आणि नियेवेसचा चेहरा बंद झाला होता. साबिनाने घाईघाईने शालीतून कात्री काढली, टोक आपल्याकडे करून पुढे केली.

"ही ने. हिने कापा. तुझ्या सासूकडे पावाच्या सुऱ्या असतील, केस उपटून येतील पोरीचे."

नियेवेसने कात्री दोन्ही हातांनी घेतली. यानामावाले हाका मारत होते, दाढीवाला लंगडत पुढे गेलासुद्धा.

"रविवारी येशील ना?"

आणि साबिना म्हणाली, "बघू. खेचरांना कोण बघणार."

सवयीने म्हणाली. पहिल्या खेपेला असंच म्हणतात. म्हणून ती तिथेच उभी राहिली, हनुवटी वर करून, पुढच्या विचारण्याची वाट बघत. नियेवेसने मान हलवली, आईच्या खांद्यावर क्षणभर हात ठेवला, आणि ती खेचरांच्या मागोमाग चौक ओलांडून रानात शिरली. तिबुर्सिओने वळून एकदा टोपी हलवली.

उतरणीला रिकामी खेचरं भराभर चालतात. त्यांना आवरायचं तर शिव्या द्याव्या लागतात. आज तिला एकही सुचेना. सांता रोसाच्या सावलीत तो पेला अजून उपडाच होता. साबिनाने हॅट काढली. दोन दिवसांच्या उन्हाने पानं वाळून चुरा झाला होता, देठांवर लाल फीत तेवढी धड होती. तुटकं पान कुणाला देत नाहीत आणि कुणी घेत नाही. तिने तो चुरा तळहातावर घेतला, तोंडात टाकला आणि चावू लागली.

"येते, रविवारी," ती म्हणाली.

घंटेवाल्या घोडीने कान हलवला आणि ती पुलाकडे चालू लागली.