उभी रेघ

“मावशी, दुसऱ्याला पुन्हा उपाशी ठेवलंत,” मास्तर म्हणाले.

मी त्यांची चादर बदलत होते. एका हाताने त्यांना कुशीवर धरलेलं, दुसऱ्याने चादर ओढत होते, आणि डोळे उशीजवळच्या वहीवर. वहीत गणित होतं, ३(क्ष + ४) = ३०. त्याखाली मी लिहिलं होतं, ३क्ष + ४ = ३०.

“कंसाबाहेरचा तीन क्षला दिलात. चारला कोण देणार? पाण्याचा जग घेऊन निघता, तेव्हा पहिल्या बेडला पाणी देऊन माघारी फिरता का?”

“छे! बाराव्यापर्यंत येते. तुमच्यापर्यंत.”

“मग कंसातही शेवटपर्यंत जा.”

पटलं हो, पण डोक्यात राहील तर शपथ! या वॉर्डात मी एकोणीस वर्षं रोजंदारीवर राबतेय. एकोणीस वर्षं बेडपॅन उचलले, तेव्हा कुणी क्ष विचारला नाही. आणि आता साहेबांनी नोटीस लावली. दहावी पास असेल तिलाच कायम करणार, बाकीच्यांनी घरी बसायचं. घरी बसून खायचं काय? नवरा अंथरुणाला खिळलेला, कमावणारी मी एकटी. बाकीचे विषय रेटून काढले, पण गणितात दोनदा आपटले. साहेबांच्या मुदतीतली ही शेवटची खेप होती.

मास्तरांनी आयुष्यभर शाळेत गणित शिकवलं. आता छाती पार निकामी झालेली, नाकात ऑक्सिजनची नळी. भेटायला चिटपाखरू यायचं नाही. दोन वाक्यं बोलले की धाप लागायची. सिस्टर ओरडायच्या, “मास्तर, बोलू नका सांगितलंय ना! मावशी, तुम्हीही कमाल करता.”

“श्वास माझा आहे, सिस्टर. मला हवा तिथे खर्च करीन,” मास्तर म्हणायचे.

परीक्षेच्या आदल्या दुपारी त्यांनी माझं मनगट धरलं. “बाहेर वजा दिसला की जपा. आतल्या वजाला बाहेरचा वजा भेटला की अधिक होतो. उत्तर आलं की क्षच्या जागी ठेवून बघा. आणि घाबरू नका.” एवढं बोलायला त्यांना पाच मिनिटं लागली.

घाबरू नका म्हणे! परीक्षेला माझ्या आजूबाजूच्या बाकांवर मिसरूडही न फुटलेली पोरं, आणि मधोमध मी, चाळिशीचा चष्मा लावून. तरी सोडवत गेले. मनातल्या मनात बेरीज चालू होती. शेवटचं गणित तीन गुणांचं. ते धरून पस्तीस, सोडून बत्तीस. पस्तिसाला पास.

५(क्ष − २) − २(क्ष − ४) = १३.

मी लिहिलं, ५क्ष − १० − २क्ष − ८ = १३. खाली, ३क्ष = ३१. एकतीसला तिनाने भाग जाईना. पुन्हा वरून तपासलं. पाच दोघांनाही दिला होता, दोनही दोघांना दिला होता. कुणी उपाशी नव्हतं. मग मेलं चुकलं कुठे? हाताला एवढा घाम की कागद चिकटायला लागला. देवा, एकदा दाखव रे!

घंटा झाली. पर्यवेक्षक बाईंनी पेपर ओढला, आणि तो हातातून सुटताना मला दिसलं. आठच्या आधीचा वजा! तिथे अधिक हवा होता.

“बाई, एक उभी रेघ मारू द्या. फक्त रेघ, आणि खाली दोन ओळी. पाया पडते तुमच्या!”

“वेळ संपली, मावशी.” माझ्या लेकीच्या वयाची मुलगी. तिलाही वाईट वाटलं असावं, पण तिने पेपर गठ्ठ्यात सारला. तिची तरी काय चूक?

मी तशीच संध्याकाळच्या पाळीला आले. जिन्यात भिंतीला कपाळ टेकून रडून घेतलं. मग तोंड धुतलं, जग भरला. पहिल्या बेडपासून पाणी देत बाराव्याशी पोचले.

मास्तर वाटच पाहत होते. “कंस आला होता?”

मी गणित सांगितलं.

“क्ष किती?”

“पाच.”

त्यांनी डोळे मिटले. ओठ हलत होते. “पाच त्रिक पंधरा... दोन एके दोन... तेरा.” डोळे उघडले तेव्हा ते भरलेले होते. “बरोबर, मावशी! झालात तुम्ही कायम. शेवटच्या कंसात चिन्ह बदललंत ना?”

“बदललं, मास्तर.”

खोटं नव्हतं ते. जिन्यातल्या भिंतीवर ओल्या बोटाने सगळं गणित लिहून, आठच्या आधीची उभी रेघ मी मारून आले होते.

मी त्यांचा ग्लास भरला आणि मान उचलून पाणी पाजलं.