‘फक्त प्रौढांसाठी’ म्हणणारा शिक्का

मी शिक्का बोलतोय. लाकडी मूठ, रबरी तोंड आणि तोंडात एकच वाक्य: ‘फक्त प्रौढांसाठी’.

मुलांच्या रक्षणाचा नवा कायदा आला आणि मी जन्मलो. कायदा म्हणे अश्लील चित्रांबद्दल होता. आमच्या संपादकसाहेबांनी तो वाचला नाही, घाबरले मात्र अगदी मनापासून.

आमचं मासिक वाढत्या वयाच्या मुलामुलींचं. त्यात डॉक्टरबाईंचं सदर असायचं. मुली पाळीबद्दल विचारायच्या, बाई सरळ उत्तरं द्यायच्या. साहेबांनी फर्मान काढलं, अंक प्लॅस्टिकच्या पिशवीत बंद करा आणि वर शिक्का हाणा. म्हणजे प्रश्न तेरा वर्षांच्या मुलीनं विचारायचा आणि उत्तर तिच्या काकांनी वाचायचं. काय ती दूरदृष्टी!

डॉक्टरबाई तणतणत आल्या. “अहो, ज्यांच्यासाठी लिहिलं, त्यांनाच दुकानदार अंक देत नाही.”

“नसती भानगड नको, बाई. मुलांच्या भल्यासाठीच आहे हे.”

“कायद्यात पाळीचं नाव कुठे आहे, दाखवा बघू.”

साहेबांनी चहा मागवला.

शेजारच्या सिनेमासिकानं मुखपृष्ठावरच्या नायिकेला एक काळी पट्टी चिकटवली आणि त्यांचा खप वाढला. आमचे गठ्ठे मात्र परत यायला लागले. शेवटी सदर बंद झालं. त्या जागी गोरं कसं दिसावं, बारीक कसं व्हावं, याच्या युक्त्या आल्या. त्या मुलींना अगदी निर्धोक, त्यामुळे माझं काम संपलं. मी टेबलाच्या कोपऱ्यात धूळ खात पडलो.

एका दुपारी साहेबांची लेक शाळेतून थेट कचेरीत आली. आई परगावी गेलेली. मागे दप्तर धरून ती दारातच थांबली.

“बाबा, मला काहीतरी झालंय. रक्त येतंय. मी मरणार नाही ना?”

सभा गाजवणाऱ्या साहेबांना लेकीशी एक वाक्य बोलता येईना. त्यांनी परत आलेल्या गठ्ठ्यातून एक अंक ओढला, पिशवी दातांनी फाडली आणि डॉक्टरबाईंचं पान तिच्यापुढे धरलं.

“घाबरू नकोस, बाळा. हे वाच. मी बाईंना फोन करतो.”

ती उभ्याउभ्याच वाचत राहिली. हळूहळू तिचा श्वास जागेवर आला. फाटकी पिशवी, वरच्या माझ्या लाल अक्षरांसकट, लेकीच्या पायाशी पडली होती.

“बाबा, हे तुझ्याकडेच होतं. मग आधी का नाही दिलंस?”

साहेब माझ्याकडे बघत बसले. जसं काही मीच उत्तर देणार होतो.

तर मंडळी, विनंती एवढीच. मला ज्याच्यावर माराल, ते आधी वाचत जा. मला वाचता येत नाही. तुम्हाला येतं, असं ऐकून आहे.