वाळूची पिशवी

दिल्लीजवळ मानेसरला आमच्या कंपनीत ड्रोनच्या चाचणीची एक रीत होती. कॅमेरा महाग, ड्रोन पडलं तर फुटेल, म्हणून त्याच्या जागी तेवढ्याच वजनाची वाळूची पिशवी बांधायची. बॅटरी उतरेपर्यंत ड्रोन मैदानावर घिरट्या घालायचं. तीन तास भरले की मी, चाचणी विभागाची हेमांगी, कागदावर सही करायची. चार वर्षं केली, मान खाली घालून.

पण वाळू वीज खात नाही, कॅमेरा खातो. हे माझ्या टाळक्यात शिरायला पूर बचाव पथकाची ऑर्डर यावी लागली. छपरावर अडकलेली माणसं शोधायची आणि बोट पोचेपर्यंत त्यांच्यावर घिरट्या घालत नजर ठेवायची, हे त्या ड्रोनचं काम. माझी मलाच लाज वाटली.

"सही कर ना यार," आमचे बॉस अनुराग सर म्हणाले. "पथकाचे लोक इथे पोचतीलच आता."

"आधी कॅमेरा लावून उडवू द्या."

"ही ऑर्डर गेली तर तूही गेलीस. क्लिअर?"

"बिल्कुल."

पथकाचे प्रमुख हरिदासजी आले. मी सगळ्यांदेखत पिशवी सोडली आणि वाळू सरांच्या बुटांपाशी ओतली. कॅमेरा बसवला. पाहुण्यांसमोर ओरडता येईना, सर नुसते दातओठ खात राहिले.

ड्रोन उडालं. समोसे संपले, चहाच्या तीन फेऱ्या झाल्या. दोन तास दहा मिनिटांनी बॅटरीचा इशारा वाजला आणि ते खाली उतरलं.

"मॅडम, तीन घंटे बताया था," हरिदासजी म्हणाले.

"गलत बताया था. साइन मेरी ही थी. पौने दो घंटे पर दूसरा ड्रोन भेजिए, फिर पहला उतारिए. तीन के भरोसे रहे तो पचास मिनट छतवालों को कोई नहीं देखेगा."

त्यांनी आकडा वहीत लिहिला. ऑर्डर पक्की न करताच गेले.

सरांनी माझं कार्ड काढून घेतलं. कार्ड नाही म्हणून कंपनीच्या बसमध्येही चढू दिलं नाही. हायवेवर शेअर ऑटोची वाट बघत मी फोन काढला. आधीच्या चौदा ग्राहकांकडे माझ्या सहीचे तीन तास होते. पहिला नंबर लावला.

"नमस्ते, हेमांगी बोल रही हूँ. आपके ड्रोन के काग़ज़ पर मैंने गलत साइन की है."