तोंडात फडकं कोंबलेला भोंगा

दचकू नका मित्रांनो, मी ओरडणार नाही. ओरडणं हाच माझा धंदा होता खरा, पण आता माझा आवाज गेला आहे. मी एक जुना पितळी भोंगा आहे. मागे काळ्या रबराचा फुगा, मध्ये वेटोळं घेतलेली नळी आणि पुढे भलंमोठं पसरट तोंड. फुगा दाबला की 'पों' म्हणायचं, एवढंच माझं शिक्षण. पण ते मी इतकं मन लावून केलं, की भर रस्त्यात झोपलेलं कुत्रंसुद्धा मुकाट्याने उठून बाजूला व्हायचं.

माझा जन्म एका अंधाऱ्या, धुराने काळ्या झालेल्या कारखान्यात झाला. कारागिराने पितळेचा पत्रा ठोकून ठोकून मला आकार दिला, फुगा बसवला आणि पहिल्यांदा दाबला. त्याबरोबर शेजारचा दुकानदार तणतणत भांडायला आला. कारागीर मात्र खूश झाला. "जमला बुवा!" म्हणाला. म्हणजे बघा, माझी पहिली शाबासकी मला शिव्यांच्या शेजारीच मिळाली. पुढेही बहुतेक तसंच चाललं.

सुरुवातीला मी पाव पोहोचवणाऱ्या गाडीवर होतो. ती मोडीत निघाली आणि तिच्याबरोबर मीही भंगाराच्या दुकानात गेलो. तिथे एका मोडक्या पंख्याखाली मी वर्षानुवर्षं पडून होतो. माझ्या तोंडात कोळ्याने जाळं विणलं, आणि मला साधं 'हट' म्हणता येईना! ते दिवस आठवले की अजून जीव गुदमरतो. मग एके दिवशी छोटूने मला उचललं, राख लावून लख्ख घासलं आणि आपल्या गाडीच्या खिडकीबाहेर बसवलं. फुगा आत, त्याच्या हाताशी. तोंड बाहेर, जगाकडे.

छोटू म्हणजे लहान मुलगा समजू नका. त्याचे केस पिकले होते. पण गाडीत त्याची थोरली बहीण असायची आणि तिच्यासाठी तो छोटूच होता. दोघा भावंडांचा व्यवसाय एकच. एका वेळी एकाच कुटुंबाला दिवसभर फिरवायचं. सकाळी डोंगरावरची जुनी देवळं, मग किनाऱ्याचा वळणावळणाचा रस्ता आणि शेवटी समुद्रातल्या खडकावरचं देऊळ. छोटू गाडी हाकायचा आणि ताई माहिती सांगायच्या. दगडाबद्दल बोलायला लागल्या की ऐकणाऱ्याला वाटायचं, हा खांब कालच कुणीतरी कोरून घरी गेला आहे.

त्या खडकावरच्या देवळाची गंमत आधी समजून घ्या, कारण माझी सगळी कथा तिथेच आहे. ओहोटीला समुद्र मागे सरकतो आणि देवळापर्यंत वाळूची वाट उघडी पडते. भरती आली की वाट बुडते. देवळाचं तोंड खुल्या समुद्राकडे आहे आणि वाट पाठीमागे, त्यामुळे आत असलेल्या माणसाला वाट दिसतच नाही. आणि ताईंचा एक नियम होता. पाहुण्यांसमोर त्या कधी घड्याळाकडे बघत नसत. "आपण घड्याळ बघितलं की त्यांना वाटतं, आपल्याला घरी पळायची घाई आहे," असं त्या म्हणायच्या. मग वेळ कोण सांभाळणार? मी! वाटेच्या मध्ये एक काळा खडक आहे. त्याच्या पायाला पाणी लागलं की छोटू मला दाबायचा आणि ताई पाहुण्यांना घेऊन आरामात परत यायच्या. इतक्या वर्षांत एकदाही चूक झाली नाही. भोंग्याच्या भरवशावर माणसं समुद्रात जातात, मित्रांनो! मला त्याचा केवढा अभिमान होता म्हणून सांगू.

त्या दिवशी पाहुण्या दोघीच होत्या, सासू आणि सून. सहल सूनबाईंनी हौसेने ठरवलेली होती. सासूबाईंच्या मनात ती नव्हतीच. त्या मागच्या सीटवर बसून क्रोशाच्या सुईने रुमालाची किनार विणत होत्या आणि खिडकीबाहेर मान वळवून बघतही नव्हत्या. डोंगरावरच्या देवळात ताई रंगात येऊन सांगत होत्या, तर या मध्येच म्हणाल्या, "बसायला कुठे सावली आहे का?" सूनबाईंचा चेहरा उतरला.

परतीच्या उतारावर वळणं फार. प्रत्येक वळणावर छोटू मला दाबणार, मी ओरडणार. सासूबाईंचं डोकं चढलं.

"अहो, किती वाजवता तो भोंगा! कान किटले माझे."

"आई, त्यांचं कामच आहे ते," सूनबाई म्हणाल्या.

"हो, तू त्यांचीच बाजू घे! मला कशाला आणलंस मग?"

आमच्या छोटूला भांडण सहन होत नाही. पाहुण्यांचं मन मोडायचं तर त्याच्या जिवावर येतं. त्याने गाडी कडेला घेतली, काच पुसायचं फडकं उचललं आणि गोळा करून सरळ माझ्या तोंडात कोंबलं. गच्च! ताई म्हणाल्या, "छोटू, अरे वळणं आहेत पुढे." तो म्हणाला, "हळू चालवतो ना. किनाऱ्यावर पोहोचलो की काढतो."

मला इतका संताप आला म्हणून सांगू! पण संतापून करतो काय, तोंडच बंद. पुढच्याच वळणावर समोरून एक बस आली. छोटूने मला दाबलं. मी जीव खाऊन ओरडलो आणि बाहेर नुसतं 'फुस्स' आलं. बस इतकी जवळून गेली की आमच्या आरशाला घासून गेली. सगळ्यांच्या तोंडचं पाणी पळालं. मला वाटलं, आता तरी हा फडकं काढेल. पण सासूबाई डोळे मिटून मागे टेकल्या होत्या आणि छोटूला त्यांना त्रास द्यायचा नव्हता. डोकं दुखतं म्हणून दोनदा थांबलो, त्यात आणखी उशीर झाला.

किनाऱ्यावर पोहोचलो तेव्हा वाट उघडी होती, पण रुंदीला कमी झाली होती. छोटू म्हणाला, "ताई, आज राहू दे." ताईंनी वाटेकडे बघितलं, मग सूनबाईंकडे. त्या हळूच म्हणाल्या, "एवढ्या लांब येऊन बघायचं नाही का?"

"जा तू एकटीच," सासूबाई डोळे न उघडता म्हणाल्या. "मी काही येत नाही."

"पटकन जाऊन येतो," ताई म्हणाल्या. "आतल्या भिंतीवर कोरलेलं जहाज तेवढं दाखवते. छोटू, भोंगा वाजव हं वेळेवर."

"वाजवतो," छोटू म्हणाला. आणि फडकं माझ्या तोंडातच होतं!

दोघी वाळूवरून चालत गेल्या, देवळाला वळसा घालून दिसेनाशा झाल्या. छोटू चाकातली हवा बघत बसला. वारा उलटला होता आणि पाणी नेहमीपेक्षा लवकर चढत होतं. काळ्या खडकाच्या पायाला फेस लागला. मला दिसत होतं, सांगता येत नव्हतं. अरे माणसा, वर बघ! चाकात काय ठेवलंय?

त्याने वर बघितलं आणि धावत येऊन मला दाबलं. फुस्स. तेव्हा कुठे त्याला आठवलं. त्याने फडकं धरून हिसडा मारला, तर जीर्ण फडकं टर्रकन फाटलं. अर्धं हातात, अर्धं माझ्या घशात. बोटं आत जाईनात. घाईघाईत त्याने पाना घातला, तर बोळा आणखी आत सरकला. त्याने दिवे लावले, हाका मारल्या, पण वारा समुद्राकडून येत होता. त्याचा आवाज त्याच्याच तोंडावर परत येत होता.

"काय झालं हो?" सासूबाई जाग्या झाल्या.

छोटूने वाटेकडे हात करून दाखवलं. मधली वाट पाण्याखाली गेली होती. सासूबाई एका क्षणात खाली उतरल्या. माझ्या तोंडात वाकून बघितलं, हातातली क्रोशाची सुई आत घातली आणि म्हणाल्या, "तुम्ही पळा. हे मी बघते."

छोटूने गाडी ओढायचा लांब दोर काढला, एक टोक गाडीच्या कडीला बांधलं, दुसरं कमरेला, आणि पाण्यात शिरला. इकडे सासूबाई सुईच्या आकड्याने बोळ्याचा धागा धागा ओढत होत्या. तोंडाने एकसारखं चाललं होतं, "निघ रे बाबा, निघ. माझंच मेलीचं डोकं दुखायचं होतं!" छोटू कमरेइतक्या पाण्यात गेला. एक लाट आली, तो कोसळला, पुन्हा उठला. देवळाकडे कुणाचीच चाहूल नव्हती. आत ताई टॉर्चच्या उजेडात दगडी जहाजाचं एकेक वल्हं दाखवत होत्या, माझ्या भरवशावर.

आणि बोळा निघाला! सासूबाईंनी खिडकीतून हात घालून फुगा धरला आणि दाबला.

पों! मित्रांनो, आयुष्यात मी असा कधी ओरडलो नव्हतो. उतारापासून कोंडलेलं सगळं बाहेर आलं. माझ्या आवाजाने कान किटलेल्या सासूबाई आता दोन्ही हातांनी मला पिळत होत्या, थांबायला तयार नव्हत्या. देवळाच्या कडेने ताई धावत बाहेर आल्या, मागून सूनबाई. पायाखालची वाळू सरकते असं म्हणतात ना, इथे ती खरोखरच सरकत होती. छोटू त्यांच्यापर्यंत पोहोचला आणि तिघं दोर धरून निघाली. पाणी छातीला लागलं. मध्येच सूनबाईंचा हात सुटला, डोकं खाली गेलं.

सासूबाईंनी मला जिवाच्या आकांताने दाबलं आणि माझा फुगा फाटला. रबर जुनंच होतं हो. माझा आवाज गेला तो तिथेच.

पण किनारा गप्प झाला नाही. सासूबाई गुडघाभर पाण्यात जाऊन स्वतःच ओरडायला लागल्या. "अगं ये! ये गं माझ्या बाळा! दोर धर! मी इथे उभी आहे, इकडे बघ!" दिवसभर ज्यांनी सुनेला धड हाक मारली नव्हती, त्यांचा आवाज माझ्यापेक्षा मोठा होता. पाण्यातून एक हात वर आला. ताईंनी तो धरला, दोरावर आणून ठेवला, आणि मग सुटला नाही.

कोरड्या वाळूवर आल्यावर सासूबाईंनी आधी सुनेला पोटाशी धरलं आणि लगेच रागावल्या, "कळतं का तुला काही? म्हणे जहाज बघायचं!" असं म्हणत नव्या रुमालाने तिचे केस पुसायला लागल्या. किनार अजून अर्धीच विणलेली होती. सूनबाई रडतही होत्या आणि हसतही होत्या. छोटू ताईंच्या पायाशी बसून राहिला. ताईंनी त्याच्या पिकल्या केसांवरून हात फिरवला आणि म्हणाल्या, "पुढच्या वेळी पाहुणे रागावले तर रागावू देत."

आता गाडीला विजेचा हॉर्न आहे. माझ्या मापाचा फुगा कुठे मिळाला नाही. ताईही आता घड्याळ बघतात, पाहुण्यांच्या देखत. पण छोटूने मला काढलं नाही. मी अजून खिडकीबाहेर तसाच आहे, जगाकडे तोंड करून.

मित्रांनो, तुमच्याही घरात कुणीतरी सारखं ओरडत असेल. सांभाळून जा, लवकर ये, तिकडे वाकू नको. कान किटत असतील, मला मान्य आहे. हवं तर कानांवर हात ठेवा. पण त्या तोंडात फडकं कोंबू नका. एरवी ते त्रासदायक वाटतं, पण ज्या दिवशी ते गप्प होतं ना, त्या दिवशी पाणी किती चढलं हे सांगणारं कुणी उरत नाही.

रोज सकाळी निघण्याआधी ताई माझ्याजवळ येतात आणि माझ्या तोंडात बोटं घालून बघतात, आत काही अडकलं तर नाही ना. मला आवाज नाही हे त्यांना ठाऊक आहे. तरी बघतात.